दूरदर्शनवरील 'रजनी' आणि प्रिया तेंडुलकर : एका सहाय्यक अभिनेत्रीच्या कारकिर्दीचे ऐतिहासिक आकलन

प्रस्तावना

चित्रपटाचा इतिहास बहुधा नायक-नायिकांचा व दिग्दर्शकांचा इतिहास म्हणून लिहिला जातो. श्रेयनामावलीत चौथ्या-पाचव्या क्रमांकावर येणाऱ्या कलावंतांची नोंद त्यात झालीच तर एखाद्या वाक्यापुरती होते. दूरचित्रवाणीच्या बाबतीत तर तेवढेही घडत नाही. मालिका संपली की तिच्यातील माणसे विस्मरणात जातात आणि उरते ते एखाद्या पात्राचे नाव. प्रिया तेंडुलकर (१९५४-२००२) यांच्या वाट्याला हे दोन्ही प्रकार आले. हिंदी चित्रपटात त्यांनी प्रामुख्याने दुय्यम भूमिका केल्या; मराठी चित्रपटात काही वर्षे त्या वावरल्या; परंतु महाराष्ट्राच्या आणि एकूण देशाच्या स्मरणात त्या राहिल्या त्या १९८५ साली दूरदर्शनने दाखविलेल्या 'रजनी' या एका मालिकेमुळे. या मालिकेचा काळ थोडा होता. परंतु त्या थोड्या काळात एका अभिनेत्रीचे रूपांतर जवळजवळ एका सार्वजनिक संस्थेत झाले, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होऊ नये.

हे रूपांतर का घडले आणि त्याची किंमत त्या अभिनेत्रीला कोणत्या स्वरूपात द्यावी लागली, हे दोन प्रश्न प्रस्तुत निबंधात विचारात घेतले आहेत. त्यांपैकी पहिला प्रश्न माध्यमाच्या व ग्राहक चळवळीच्या इतिहासाचा आहे, तर दुसरा मनोरंजन व्यवसायात काम करणाऱ्या स्त्रियांच्या इतिहासाचा. हे दोन इतिहास सहसा वेगवेगळ्या विभागांत शिकविले जातात, हा अभ्यासक्रमाचा सोयीचा भाग झाला.

घर, रंगभूमी आणि 'अंकुर'

प्रिया तेंडुलकर यांचा जन्म १९ ऑक्टोबर १९५४ रोजी झाला. नाटककार विजय तेंडुलकर हे त्यांचे वडील. 'शांतता! कोर्ट चालू आहे', 'सखाराम बाइंडर' आणि 'घाशीराम कोतवाल' या नाटकांमुळे ज्या वर्षांत मराठी रंगभूमीवर वादळे उठत होती, ती वर्षे म्हणजे प्रियांचे शालेय व महाविद्यालयीन वय. घरात नाटक होते, म्हणून मुलगी नटी झाली, अशी सरळ मांडणी मात्र येथे लागू पडत नाही. पंचतारांकित हॉटेलातील स्वागतिका, हवाई सुंदरी, जाहिरातींसाठी मॉडेल, वृत्तनिवेदिका अशी अनेक कामे त्यांनी केली. मध्यमवर्गीय मराठी घरातील मुलींना शिक्षिका, परिचारिका किंवा कारकून यांपलीकडील नोकऱ्या नुकत्याच खुल्या होऊ लागल्या होत्या, त्या काळातील ही वाटचाल आहे. अभिनय हा त्या यादीतील एक पर्याय होता, एकमेव ध्यास नव्हे.

गिरीश कर्नाड यांच्या 'हयवदन' या नाटकातील बाहुलीची भूमिका त्यांच्या आरंभीच्या कामांपैकी होय. या नाटकात देवदत्ताच्या घरात दोन बाहुल्या आहेत. घरातील माणसे जे बोलत नाहीत ते या बाहुल्या बोलतात. पद्मिनीच्या मनातील चलबिचल प्रेक्षकांना कळते ती त्यांच्या तोंडून. भूमिका लहान, पण घराचे गुपित उघड करणारी. पुढील कारकिर्दीकडे पाहता ही सुरुवात सूचक वाटते.

१९७४ साली श्याम बेनेगल यांचा 'अंकुर' प्रदर्शित झाला. शबाना आझमी यांचा हा पहिला चित्रपट. लक्ष्मीच्या भूमिकेसाठी त्यांना व किष्टय्याच्या भूमिकेसाठी साधू मेहेर यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले आणि समांतर चित्रपटाच्या चर्चेत 'अंकुर'ला मानाचे स्थान प्राप्त झाले. या चर्चेत सरूचा उल्लेख क्वचितच येतो. सरू ही जमीनदारपुत्र सूर्याची बालवधू. वडिलांच्या आग्रहाने लग्न झालेले. मुलगी वयात येईपर्यंत तिला नांदायला आणायचे नाही, असा रिवाज. तोवर शेतावरच्या घरात एकटा राहणारा सूर्या तेथे काम करणाऱ्या दलित लक्ष्मीशी संबंध ठेवतो. सरू सासरी येते ती चित्रपटाच्या उत्तरार्धात. गावात काय बोलले जाते हे तिच्या कानावर येते, लक्ष्मीची जात तिला ठाऊक असते आणि लक्ष्मीला मळमळू लागताच 'आजारी बाईचे येथे काम नाही' या सबबीवर ती तिला घराबाहेर काढते.

ही भूमिका करताना प्रिया तेंडुलकर विशीच्या उंबरठ्यावर होत्या. सरू खलनायिका नाही. ती स्वतः वयात येण्यापूर्वी विकल्या-विकत घेतल्यासारख्या लग्नातून आलेली आहे. परंतु घरात पाऊल टाकताच घराची सत्ता तिच्या हाती येते आणि ती सत्ता ती तिच्याहून दुबळ्या स्त्रीवरच चालविते. जमीनदारीतील जातिव्यवस्था केवळ पुरुषांच्या चाबकाने चालत नाही, गृहिणीच्या स्वयंपाकघरातील एका शब्दानेही चालते, हे 'अंकुर'मध्ये सांगितले जाते ते सरूच्या पात्राद्वारे. समीक्षकांनी हे पात्र पुरेसे वाचलेले नाही. गृहिणीच्या अधिकाराचा हा मुद्दा पुढे 'रजनी'च्या विवेचनात पुन्हा येणार असल्याने येथे त्याची नोंद विस्ताराने केली आहे.

प्रादेशिक चित्रपटांतील वर्षे

'अंकुर'नंतर शबाना आझमी आणि अनंत नाग यांना जी वाट मिळाली ती सरूची भूमिका करणारीला मिळाली नाही. विजय तेंडुलकर यांनी बेनेगल यांच्यासाठी 'निशांत' (१९७५) आणि 'मंथन' (१९७६) यांच्या पटकथा लिहिल्या, परंतु त्या चित्रपटांतील प्रमुख स्त्रीभूमिका शबाना आझमी आणि स्मिता पाटील यांच्या वाट्याला आल्या. नामवंत पित्याच्या जोरावर कन्येला भूमिका मिळाल्या, असा आक्षेप कोणी घेतलाच तर त्याचे उत्तर या दोन श्रेयनामावल्यांत आहे.

प्रियांची वाट प्रादेशिक चित्रपटांकडे वळली. शंकर नाग यांनी दिग्दर्शित केलेला कन्नड चित्रपट 'मिंचिन ओट' (१९८०), त्यानंतर 'गोंधळात गोंधळ' (१९८१), 'थोरली जाऊ' (१९८३), 'मुंबईचा फौजदार' (१९८४) इत्यादी मराठी चित्रपट या टप्प्यात येतात. हा काळ मराठी चित्रपटात तमाशापटाची लाट ओसरून शहरी विनोदाची सुरुवात होण्याचा. रवींद्र महाजनी, अशोक सराफ, रंजना ही या काळातील ठळक नावे. रंजना यांच्यासारखी चौफेर ताकदीची अभिनेत्री समोर असताना दुसऱ्या स्त्रीपात्रासाठी कथेत फारशी जागा शिल्लक राहत नसे. प्रियांचा चेहरा, उच्चार आणि वावरण्याची ढब शहरी, सुशिक्षित वर्गाची होती. मराठी पडद्याला तशा स्त्रीचे नेमके काय करावे हे तोवर उमगले नव्हते. नोकरी करणारी, प्रश्न विचारणारी, लग्नाच्या प्रश्नाखेरीज अन्य प्रश्न असलेली मराठी स्त्री त्या वर्षांत पडद्याबाहेर मात्र पुष्कळ दिसत होती.

१९८५ : प्रायोजित मालिका आणि 'रजनी'

दिल्लीत १९५९ साली सुरू झालेले दूरदर्शन मुंबईत आले ते २ ऑक्टोबर १९७२ रोजी. पहिल्या दशकात त्याचे स्वरूप शेतकी, शालेय व स्थानिक कार्यक्रमांचे होते. १९८२ मध्ये राष्ट्रीय कार्यक्रम व रंगीत प्रक्षेपण सुरू झाले आणि त्याच वर्षीच्या आशियाई क्रीडास्पर्धांच्या निमित्ताने संचांची मागणी वाढली. त्यानंतरचा निर्णायक बदल म्हणजे प्रायोजित मालिका. मेक्सिकोतील समाजप्रबोधनपर मालिकांपासून प्रेरणा घेऊन तयार झालेली 'हम लोग' ७ जुलै १९८४ रोजी सुरू झाली आणि तिच्यासोबत मॅगी नूडल्सची जाहिरात घराघरांत पोहोचली. शासनाचे माध्यम, खाजगी निर्माता आणि ग्राहकोपयोगी वस्तूंची कंपनी अशी तीन चाकांची गाडी येथून सुरू झाली. 'ये जो है जिंदगी', 'खानदान', पुढे 'बुनियाद' या मालिका याच व्यवस्थेतील होत.

'रजनी' ही याच व्यवस्थेत जन्मलेली मालिका. दिग्दर्शक बासू चटर्जी. 'रजनीगंधा' (१९७४), 'छोटी सी बात' (१९७६), 'बातों बातों में' (१९७९) या चित्रपटांतून मुंबईच्या नोकरदार वर्गाचे बस, लोकल, कार्यालय आणि दोन खोल्यांचे घर त्यांनी प्रेमाने चितारले होते. चित्रपटांकडे वळण्यापूर्वी ते 'ब्लिट्झ' या साप्ताहिकात व्यंगचित्रकार होते, ही बाब येथे महत्त्वाची ठरते. व्यंगचित्रकार एका चौकटीत एकच विसंगती पकडतो; 'रजनी'चा प्रत्येक भाग तशाच एका चौकटीसारखा आहे. करण राजदान यांनी मालिकेसाठी लेखन केले आणि रजनीच्या पतीची भूमिकाही त्यांनीच केली. मुख्य भूमिकेसाठी आरंभी पद्मिनी कोल्हापुरे यांचा विचार झाला होता. चित्रपटातील यशस्वी नायिका या भूमिकेत असती तर प्रेक्षकांनी तिला नायिका म्हणूनच पाहिले असते. प्रिया तेंडुलकर यांचा चेहरा ओळखीचा असूनही कोणत्याही एका प्रतिमेत अडकलेला नव्हता. दुय्यम भूमिकांतील दहा वर्षांचा हा लाभ म्हणावा लागेल.

मालिकेची रचना साधी होती. रजनी ही मध्यमवर्गीय गृहिणी. गॅसचे सिलिंडर वेळेवर येत नाही, टॅक्सीवाला अरेरावी करतो, एखाद्या कार्यालयातील बाबू जागेवरून हलत नाही. शेजारीपाजारी 'चालायचेच' म्हणून गप्प बसतात. रजनी गप्प बसत नाही. ती नियम विचारते, वरिष्ठांना भेटते, लेखी तक्रार करते, इतरांना सोबत घेऊ पाहते आणि भाग संपता संपता कोणाला तरी आपली चूक कबूल करावी लागते. साडी, कपाळावर टिकली, खांद्याला पर्स आणि शांत पण न हटणारा आवाज अशी तिची आकृती ठरून गेली. प्रियांच्या अभिनयाचा विशेष असा की त्यांनी रजनीला आक्रस्ताळी होऊ दिले नाही. तिचा राग वाढत जातो तसतसा आवाज खाली येतो व वाक्ये आखूड होत जातात. संहितेत उपदेश भरपूर होता. अभिनेत्रीने तो शक्य तितका संभाषणाच्या पातळीवर आणला.

या मालिकेचे यश समजून घेण्यासाठी तत्कालीन टंचाई लक्षात घ्यावी लागते. गॅसजोडणीसाठी व दूरध्वनीसाठी वर्षानुवर्षे प्रतीक्षायादीत थांबणे, स्कूटरसाठी आगाऊ नोंदणी करणे, शिधापत्रिकेसाठी खेटे घालणे हा १९८० च्या दशकातील सर्वसामान्य अनुभव होता. वस्तू मिळणे हीच जेथे कृपा, तेथे वस्तूच्या गुणवत्तेबद्दल तक्रार करणे हे औद्धत्य ठरे. 'ग्राहक' हा शब्द रूढ होता, पण ग्राहकाचा हक्क ही कल्पना दुकानाच्या काउंटरपर्यंत पोहोचलेली नव्हती. रजनीने ती काउंटरवर नेली.

मालिकेचे पडसाद पडद्याबाहेर उमटले. टॅक्सीचालकांच्या वर्तनावर बेतलेल्या भागानंतर मुंबईतील टॅक्सीचालकांनी दूरदर्शन केंद्रावर निषेधाचा मोर्चा नेला. करमणुकीच्या कार्यक्रमातील एका काल्पनिक गृहिणीविरुद्ध कष्टकऱ्यांचा मोर्चा निघावा, ही घटना भारतीय दूरचित्रवाणीच्या इतिहासात लक्षणीय आहे. तिचे वर्णन बहुधा मालिकेच्या यशाचा पुरावा म्हणून केले जाते. ते खरेही आहे, परंतु अपुरे आहे. मोर्चेकऱ्यांच्या बाजूने विचार केल्यास त्यांचा आक्षेप निराधार ठरत नाही. दिवसभर भाड्याची टॅक्सी हाकून मालकाचे पैसे चुकते करणाऱ्या माणसाची बाजू त्या चौकटीत नव्हती. रजनीचा संघर्ष व्यवस्थेशी असला तरी पडद्यावर तिच्यासमोर उभी राहणारी माणसे पुष्कळदा व्यवस्थेच्या तळाशी असलेली होती : चालक, सिलिंडर पोहोचविणारा, शिपाई, कारकून. सरूच्या हाती जी गृहिणीसत्ता होती तिचे हे सौम्य, न्याय्य आणि सुशिक्षित रूप होय, असे विधान धाडसाचे वाटले तरी त्यात तथ्य आहे. दोन्ही भूमिका एकाच अभिनेत्रीने केल्या, हा योगायोग अभ्यासकांच्या दृष्टीने उपयुक्त म्हटला पाहिजे.

दूरदर्शन तेव्हा थेट माहिती व नभोवाणी मंत्रालयाच्या अखत्यारीत होते. प्रसार भारती कायदा १९९० साली संमत झाला आणि अंमलात यायला १९९७ साल उजाडले. अशा शासकीय माध्यमाने शासकीय कार्यालयांवर टीका करणारी मालिका का दाखविली, असा प्रश्न साहजिकच उपस्थित होतो. १९८४ च्या अखेरीस प्रचंड बहुमताने सत्तेवर आलेल्या राजीव गांधी सरकारला कार्यक्षमतेची व स्वच्छतेची प्रतिमा हवी होती. डिसेंबर १९८५ मध्ये मुंबईत भरलेल्या काँग्रेसच्या शताब्दी अधिवेशनात राजीव गांधींनी स्वपक्षातील सत्तेच्या दलालांवरच कोरडे ओढले. लहान बाबूंवरील टीका त्या वातावरणाला परवडणारी होती. रजनी मंत्र्याच्या दारात जाऊन धोरणाचा जाब विचारत नाही. ती अधिकाऱ्याकडे जाऊन कनिष्ठाची तक्रार करते आणि वरचा अधिकारी बहुधा समंजस निघतो. वरची माणसे चांगली, मधली बिघडलेली, ही मालिकेची अनुक्त भूमिका होती. तरीही एवढ्यावरून तिला शासकीय प्रचार ठरविणे योग्य नव्हे. घरात बसून पाहणाऱ्या लाखो स्त्रियांना 'लेखी पावती मागा' हे सांगणारे दुसरे कोणी त्या वेळी पडद्यावर नव्हते.

याच सुमारास सर्फच्या जाहिरातीतील ललिताजी लोकप्रिय झाली होती. कविता चौधरी यांनी साकारलेली ललिताजी हिशेबी आहे. स्वस्त आणि चांगले यांतला फरक तिला कळतो. रजनी आणि ललिताजी या एकाच वर्गातील, एकाच वर्षांतील दोन गृहिणी. एकीने योग्य वस्तू निवडून प्रश्न सोडविला, दुसरीने तक्रार करून. १९९१ नंतरच्या बाजारपेठेने ललिताजीला अधिक जवळ केले, हे नंतरचे.

लाटणे मोर्चा, ग्राहक पंचायत आणि पडद्यावरील एकटी बाई

'रजनी'मुळे भारतीय गृहिणी प्रथमच रस्त्यावर आली, अशा आशयाची विधाने अधूनमधून वाचनात येतात. महाराष्ट्राच्या इतिहासाच्या दृष्टीने ती चुकीची आहेत. १९७२ च्या दुष्काळात व त्यापाठोपाठच्या महागाईत मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर, प्रमिला दंडवते, तारा रेड्डी यांच्या नेतृत्वाखाली महागाई प्रतिकार संयुक्त महिला समितीने मुंबईत मोर्चे काढले. हाती लाटणी आणि थाळ्या घेतलेल्या हजारो स्त्रिया त्यात होत्या. समाजवादी व साम्यवादी पक्षांतील कार्यकर्त्या एका व्यासपीठावर आल्या होत्या, आणि गिरणगावातील स्त्री व उपनगरातील स्त्री एकाच मोर्चात चालत होती. मागण्या तेल, साखर, रॉकेल आणि धान्य यांच्या होत्या, परंतु जाब विचारला जात होता तो मंत्र्यांना.

ग्राहक संघटनेची परंपराही मुंबई-पुण्यात जुनी आहे. १९६६ साली मुंबईत काही गृहिणींच्या पुढाकाराने कन्झ्युमर गायडन्स सोसायटी ऑफ इंडिया ही संस्था स्थापन झाली. पुण्यात बिंदुमाधव जोशी यांनी १९७४ मध्ये ग्राहक पंचायतीचे काम उभे केले आणि १९७५ मध्ये मुंबई ग्राहक पंचायत सुरू झाली. महिन्याचा किराणा एकत्रित खरेदी करून शेजारगटांत वाटून घेण्याची पंचायतीची पद्धत अनेक मराठी कुटुंबांना परिचित आहे. मालाच्या वाटणीसाठी वजनकाटा मांडून बसणाऱ्या त्या स्त्रियांनी ग्राहकहक्काचा पाठ पडद्याच्या आधी दहा वर्षे गिरविला होता.

या पार्श्वभूमीवर 'रजनी'चे वेगळेपण आणि तिची उणीव एकाच ठिकाणी सापडते. लाटणे मोर्चा सामूहिक होता. रजनी एकटी आहे. तिच्यामागे संघटना नाही, पक्ष नाही, वर्गणी नाही, बैठक नाही. चळवळीतील सर्वांत कंटाळवाणा आणि सर्वांत आवश्यक भाग म्हणजे माणसे जमविणे. अर्ध्या तासाच्या भागात तो बसत नव्हता. त्याऐवजी आले एका व्यक्तीचे धैर्य. दूरचित्रवाणीने चळवळ घराघरांत पोहोचविली हे खरे. पण पोहोचविताना तिच्यातील 'आम्ही' गळून 'मी' उरला. दिल्लीतील स्त्री प्रेक्षकांचा अभ्यास करून पूर्णिमा माणकेकर यांनी १९९९ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात दूरदर्शनने घडविलेल्या 'नव्या भारतीय स्त्री'ची चिकित्सा आहे. घर सांभाळून, मर्यादा राखून राष्ट्राच्या कामी येणारी अशी ही स्त्री. रजनी या प्रतिमेत बरीचशी बसते. तिचा पती तिला अडवीत नाही, आणि घरातील कामाच्या वाटणीबद्दल ती कार्यालयातील कामाइतक्या आग्रहाने प्रश्न विचारत नाही.

ग्राहक संरक्षण कायद्याशी मालिकेचा संबंधही जपून सांगायला हवा. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने ९ एप्रिल १९८५ रोजी ग्राहक संरक्षणाची मार्गदर्शक तत्त्वे स्वीकारली. भारतात ग्राहक संरक्षण कायद्यास २४ डिसेंबर १९८६ रोजी राष्ट्रपतींची संमती मिळाली आणि जिल्हा, राज्य व राष्ट्रीय अशी त्रिस्तरीय यंत्रणा आली. मालिका १९८५ ची, कायदा १९८६ चा. म्हणून मालिकेमुळे कायदा झाला, हा तर्क टिकणारा नाही. कायद्यामागे दोन दशकांचे संघटनात्मक काम आणि आंतरराष्ट्रीय घडामोडी होत्या. तथापि कायदा आला तेव्हा तो वापरण्याची मानसिक तयारी असलेला एक वर्ग तयार होता, आणि त्या तयारीत मालिकेचा वाटा होता, एवढे म्हणण्यास हरकत नाही. १९८६ चा तो कायदा जाऊन २०१९ चा नवा कायदा २० जुलै २०२० पासून अंमलात आला.

पात्राच्या सावलीत

'रजनी'ने प्रिया तेंडुलकर यांना जे दिले ते अपूर्व होते. सार्वजनिक ठिकाणी लोक त्यांच्याकडे गाऱ्हाणी घेऊन येत. 'रजनी' हे नाम मराठीत आणि हिंदीतही सामान्यनाम झाले. दुकानात भांडणाऱ्या बाईला 'मोठी रजनीच लागून गेली' असे म्हटले जाऊ लागले. या वाक्प्रचारात कौतुक आणि हेटाळणी यांचे प्रमाण बोलणाऱ्यागणिक बदलत असे. एका अभिनेत्रीकडे लोकांनी अभिनयाखेरीज अन्य काही मागावे, हा सन्मान आहे. परंतु त्यानंतर तिच्याकडे अभिनय कोणी मागितला नाही, हा त्याचा परिणाम आहे.

पुढील कामांची दिशा पाहिली म्हणजे हे स्पष्ट होते. विजय तेंडुलकर यांनी लिहिलेल्या 'स्वयंसिद्धा' या मालिकेत त्यांनी प्रमुख भूमिका केली. शीर्षकच बोलके आहे. उपग्रह वाहिन्या आल्यानंतर 'द प्रिया तेंडुलकर शो' हा चर्चात्मक कार्यक्रम त्यांनी चालविला. पात्राचे नाव गळून त्या जागी अभिनेत्रीचे नाव आले, पण अपेक्षा तीच राहिली : सामाजिक प्रश्न मांडा, जाब विचारा, पीडिताला बोलते करा. रजनी आता संहितेशिवाय बोलू लागली होती. हे काम त्यांनी ताकदीने केले, याविषयी दुमत नसावे.

चित्रपटाने मात्र त्यांना दुसरीकडेच ढकलले. २२ डिसेंबर १९९५ रोजी प्रदर्शित झालेल्या 'त्रिमूर्ती'मध्ये त्या जॅकी श्रॉफ, अनिल कपूर आणि शाहरुख खान यांच्या आई झाल्या. अनिल कपूर यांचा जन्म डिसेंबर १९५६ चा, जॅकी श्रॉफ यांचा फेब्रुवारी १९५७ चा. म्हणजे पडद्यावरील आई थोरल्या दोन मुलांहून अवघ्या दोन-सव्वादोन वर्षांनी मोठी! 'गुप्त' (१९९७) मध्ये त्या बॉबी देओल यांच्या आई होत्या. हिंदी चित्रपटातील पुरुष पन्नाशीपर्यंत महाविद्यालयीन विद्यार्थी राहू शकतो आणि स्त्री चाळिशीत तीन कर्त्या मुलांची माता होते, हा नियम प्रियांसाठी वेगळा नव्हता. एकट्या प्रियांवर झालेला अन्याय म्हणून ही बाब नोंदविलेली नाही. त्या पिढीतील बहुतेक सहाय्यक अभिनेत्रींचा हाच हिशेब आहे.

१९९५ मध्येच झी वाहिनीवर 'हम पाँच' सुरू झाली. आनंद माथुर (अशोक सराफ) या गृहस्थाच्या पाच मुली घरात धुमाकूळ घालतात. दुसरी पत्नी बीना (शोमा आनंद) त्यांना तोंड देत असते आणि भिंतीवर पहिल्या, दिवंगत पत्नीची तसबीर असते. ही तसबीर बोलते. नवऱ्याला टोमणे मारते, सल्ला देते, त्याच्या फजितीवर हसते. तसबिरीतील ही पत्नी म्हणजे प्रिया तेंडुलकर. मराठी चित्रपटांच्या काळातील सहकलावंत अशोक सराफ चौकटीबाहेर आणि त्या चौकटीत. हात हलविण्यास जागा नाही, उठून चालण्याची सोय नाही. उपलब्ध साधने फक्त चेहरा आणि आवाज. एवढ्या साधनांवर त्यांनी निखळ विनोद उभा केला. दहा वर्षांपूर्वी पर्स खांद्याला लावून घराबाहेर पडणारी बाई येथे भिंतीवर टांगली गेली, असे वाचन सहज सुचते आणि ते चुकीचेही नाही. परंतु 'रजनी'च्या ओझ्यातून त्या खऱ्या अर्थाने मोकळ्या झाल्या असतील तर याच चौकटीत, हेही ध्यानात घेतले पाहिजे. येथे त्यांच्याकडून कोणालाही न्याय मिळवून द्यायचा नव्हता. 'हयवदन'मधील बाहुलीप्रमाणे घरातले उणेदुणे बोलून दाखविणे, एवढेच काम होते.

लेखन हा त्यांच्या कारकिर्दीचा सर्वांत दुर्लक्षित भाग. 'ज्याचा त्याचा प्रश्न', 'जन्मलेल्या प्रत्येकाला', 'पंचतारांकित' ही त्यांची पुस्तके मराठीत आहेत. 'पंचतारांकित' हे शीर्षक हॉटेलातील स्वागतिकेच्या नोकरीची आठवण करून देते. विजय तेंडुलकर यांची कन्या आणि रजनी या दोन ओळखींमधून वाट काढून कथालेखिका म्हणून वाचले जाणे सोपे नव्हते. मराठी कथेच्या इतिहासात त्यांची नोंद घेताना या दोन्ही ओळखी बाजूस ठेवून संहितेकडे जावे लागेल आणि ते काम मराठी विभागांकडून अद्याप व्हावयाचे आहे.

अखेरच्या वर्षांत त्या स्तनाच्या कर्करोगाशी झुंजत होत्या. १९ सप्टेंबर २००२ रोजी मुंबईत हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले. अठ्ठेचाळीसावा वाढदिवस एका महिन्यावर होता. पत्नी आणि पुत्र यांच्या पाठोपाठ कन्येचाही मृत्यू पाहण्याची वेळ विजय तेंडुलकर यांच्यावर आली. ते स्वतः १९ मे २००८ रोजी गेले. प्रियांच्या मृत्यूच्या बातम्यांत 'अंकुर'मधील सरूचा उल्लेख आलाच तर ओझरता होता, पुस्तकांचा त्याहून कमी. मथळ्यात नाव होते ते सतरा वर्षांपूर्वीच्या रजनीचे.